ढेकूळ पाण्यात विरते, मग हात का विरत नाही?

काळीमाती · १४ जुलै, रात्री ९:१०

सर्वांना नमस्कार. यवतमाळ जिल्ह्यातील एका खेड्यात मी नववी आणि दहावीच्या मुलांना विज्ञान शिकवतो. मागच्या आठवड्यात ऊतींचा धडा सुरू होता. आमच्याकडे सध्या निंदणाचे दिवस आहेत, त्यामुळे सुटीच्या दिवशी बहुतेक मुले घरच्यांबरोबर वावरात असतात. सोमवारी नववीतली एक मुलगी उजव्या तळहातावर रुपयाएवढा फोड घेऊन वर्गात आली. विळ्याची मूठ दिवसभर घासून तो उठला होता. शरीर पेशींचे बनलेले असते, हे वाक्य मी फळ्यावर लिहिले, तेव्हा ती उठून म्हणाली, "सर, ढेकूळ मातीच्या कणाचं असते, पान्यात टाकलं का इरून जाते. आपला हात पेशींचा हाय, मंग तो पान्यात काऊन नाही इरत?"

मी खडू खाली ठेवला. धुऱ्याच्या बाजूने एक वाळलेले ढेकूळ आणवले आणि काचेच्या ग्लासात पाणी घेऊन त्यात सोडले. आधी बुडबुडे निघाले, मग कडा ढासळू लागल्या आणि पाच-सात मिनिटांत तळाशी नुसता चिखल उरला. काळ्या मातीतली चिकणमाती पाणी पिऊन फुगते आणि ढेकळात कोंडलेली हवा बाहेर पडताना कणांना ढकलते, एवढे मी सांगू शकलो. हाताचे उत्तर मात्र मला देता आले नाही. अभिस्तर ऊतीतील पेशी एकमेकींना घट्ट चिकटलेल्या असतात, असे आपण शिकवतो आणि तिथेच थांबतो. विटांमध्ये सिमेंट असते तसा पेशींमध्ये एखादा डिंक असावा, असा माझा आजवरचा समज आहे. तो बरोबर आहे का? मुलांना वर्गात दाखवता येईल असे काही असेल तर तेही कृपया सांगावे.

तीन_गाई · रात्री ९:४२

सर, प्रश्न फार आवडला. उत्तर मला ठाऊक नाही, पण धागा वाचत राहीन.

वैनगंगा · रात्री १०:५५

सर, त्या मुलीने विचारलेला प्रश्न गेली दीडशे वर्षे जीवशास्त्रज्ञांनी विचारलेला आहे, आणि आपला सिमेंटचा समजही त्यांच्यातल्या पुष्कळांचा होता. साध्या सूक्ष्मदर्शकातून आतड्याच्या पेशींच्या वरच्या कडेला, दोन पेशी जिथे भेटतात तिथे, एक गडद ठिपका दिसे आणि तो पेशींमधला सिमेंटचा थेंब आहे असे मानले जाई. कातडीच्या पेशींमध्ये इटलीच्या जूलिओ बित्सोत्सेरो यांना १८६०च्या दशकात काटे आणि त्या काट्यांवर बारीक गाठी दिसल्या होत्या. त्या गाठींना १९२० मध्ये योझेफ शाफर यांनी डेस्मोसोम हे नाव दिले. ग्रीक भाषेत 'डेस्मोस' म्हणजे बंध आणि 'सोमा' म्हणजे शरीर. पण ठिपक्यात आणि गाठीत नेमके काय आहे, ते इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शक आल्यावरच कळले. मॅरिलिन फारक्वार आणि जॉर्ज पलाडे यांनी १९६३ मध्ये दाखवून दिले की सिमेंटचा तो थेंब प्रत्यक्षात एकाखाली एक रचलेल्या तीन निरनिराळ्या सांध्यांचा मिळून झालेला आहे.

तेव्हा डिंक हा शब्द आपण सोडून द्यावा. डिंक बाहेरून ओतला जातो आणि जिथे पडेल तिथे चिकटतो. पेशी आपला सांधा स्वतः घडवतात, दोन्ही बाजूंनी अर्धा-अर्धा घडवतात, आणि कोणत्या जागी कोणता सांधा हवा हेही ठरलेले असते.

आतड्याची पेशी उभी धरून वरून खाली या. सर्वांत वर सीलबंद सांधा असतो. तिथे शेजारच्या दोन पेशींची पटले इतकी जवळ येतात की मध्ये फट उरत नाही, आणि पोटातले अन्न पेशींच्या मधून रक्ताकडे झिरपू शकत नाही. हा सांधा ज्या प्रथिनांच्या ओळींनी बनतो त्यांना क्लॉडिन म्हणतात. जपानमध्ये शोइचिरो त्सुकिता यांच्या प्रयोगशाळेत ती १९९८ मध्ये सापडली. त्याच्या खाली पेशीभोवती पट्ट्यासारखा फिरणारा सांधा असतो. त्यात कॅडहेरिन नावाचे प्रथिन दोन्ही पेशींमधून बाहेर येऊन एकमेकांत हात गुंफते, आणि आतल्या बाजूने त्याला ॲक्टिनच्या तंतूंचा पट्टा बांधलेला असतो. त्याखाली सुट्या बटणांसारखे विखुरलेले डेस्मोसोम असतात, ज्यांना आतून केराटिनचे जाड दोर येऊन मिळतात. आणि अगदी तळाशी पेशी शेजारणीला धरत नाही, ती खालच्या आधारपटलाला, म्हणजे थराखाली पसरलेल्या पातळ चादरीला, धरते. तो अर्धा डेस्मोसोम, आणि त्यातली प्रथिने पूर्ण डेस्मोसोमहून वेगळी.

ढेकळात कण फक्त शेजारी बसलेले असतात. ऊतीत पेशींनी एकमेकींना धरलेले असते. कॅडहेरिनचा हात ताठ राहण्यासाठी कॅल्शियम लागते, हेही सांगून ठेवतो. प्रयोगशाळेत ऊतीच्या पेशी सुट्या करायच्या असतील तर त्यातले कॅल्शियम बांधून टाकणारे रसायन आणि ट्रिप्सिन हे प्रथिने तोडणारे विकर वापरतात. थोड्याच वेळात पेशींचा सलग थर सुटून वाटीत गोल गोल पेशी तरंगू लागतात. ढेकळासारखी विरलेली ऊती पाहायची असेल तर ती अशी दिसते.

तीन_गाई · १५ जुलै, सकाळी ६:२०

वैनगंगा सर, दूध काढून झाल्यावर तुमचा प्रतिसाद वाचला आणि एक शंका मनात आली. माझी एक गाय गेल्या वर्षी विल्यानंतर दुसऱ्या दिवशी बसली ती उठेना. कान थंड पडले होते आणि मान वळवून कुशीवर ठेवली होती. डॉक्टरांनी दुग्धज्वर सांगितला, म्हणजे रक्तातले कॅल्शियम उतरले होते. शिरेतून सलाईन हळूहळू दिले आणि तासाभरात गाय उभी राहिली. आता तुम्ही म्हणता की पेशींचे हात कॅल्शियमवर ताठ राहतात. मग इतके कॅल्शियम उतरल्यावर तिच्या आतड्यांचे आणि कातडीचे सांधे सुटायला हवे होते. ते का सुटले नाहीत?

पशुवैद्य_काका · सकाळी ८:०५

तीन_गाई, शंका अगदी मुद्द्याची आहे आणि तिचे उत्तर आकड्यांतच मिळते. निरोगी गायीच्या १०० मिली रक्तद्रवात साधारण ८.५ ते १० मिलिग्रॅम कॅल्शियम असते. त्यातले निम्मे प्रथिनांना वगैरे बांधलेले असते आणि निम्मे मोकळे. मोकळे कॅल्शियम एका लिटरला सुमारे १.२ मिलिमोल भरते. दुग्धज्वरात आडव्या पडलेल्या गायीचे एकूण कॅल्शियम ४-५ मिलिग्रॅमपर्यंत उतरते, म्हणजे मोकळे कॅल्शियम निम्म्यावर येते. स्नायू आणि चेता यांना एवढी घट पुरते. म्हणून गाय लुळी पडते, पोट थांबते आणि हृदय क्षीण चालते. कॅडहेरिनचे हात मात्र मोकळे कॅल्शियम ०.०५ मिलिमोलच्या खाली गेल्यावर ढिले पडतात. तुमच्या गायीच्या रक्तात तेव्हाही त्याच्या दहापट शिल्लक होते. सांधे सुटण्याइतके कॅल्शियम उतरण्याच्या फार आधी हृदय थांबेल, इतके हे अंतर मोठे आहे.

शिवाय पूर्ण पक्व झालेला डेस्मोसोम कॅल्शियम काढून घेतले तरी बराच काळ धरून राहतो. कातडीला दररोज ओढताण सोसावी लागते, तिची भिस्त अशाच डेस्मोसोमवर असते.

सुईदोरा · सकाळी ११:३०

मी वर्धा जिल्ह्यातल्या एका गावात शिवणकाम करते. शास्त्र मी बारावीपर्यंतच शिकले आहे, पण वैनगंगा सरांचे वर्णन वाचताना मला पावलोपावली माझेच काम दिसत होते, म्हणून लिहिते.

पातळ सुती ब्लाऊजला टिचबटण लावायचे असेल आणि ते नुसत्या कापडावर टाचले, तर चार दिवसांत बटण जसेच्या तसे राहते आणि कापड मात्र बटणाभोवती फाटून येते. त्यामुळे आम्ही आतून बकरमचा तुकडा लावतो, म्हणजे ओढ एका टाक्यावर न येता तुकडाभर पसरते. डेस्मोसोमला आतून केराटिनचे दोर मिळतात असे सरांनी लिहिले आहे, ते मला या बकरमसारखे वाटते. दोन पेशींमधली पकड कितीही घट्ट असली तरी आतल्या बाजूला आधार नसेल तर पेशीच फाटेल. माझा तर्क बरोबर आहे का, ते जाणकारांनी सांगावे.

आणि पट्ट्यासारख्या सांध्याबद्दल वाचून मला परकराच्या नेफ्यातली नाडी आठवली. नाडी ओढली की कापडाला चुण्या पडतात. पेशींचा हा पट्टा ओढला जातो का?

वैनगंगा · दुपारी १:१५

सुईदोरा ताई, आपला पहिला तर्क इतका बरोबर आहे की निसर्गाने त्याचा पुरावा एका आजाराच्या रूपात ठेवला आहे. काही मुलांच्या कातडीवर जन्मापासून जराशा घर्षणाने फोड येतात. त्यांचे डेस्मोसोम आणि अर्धे डेस्मोसोम शाबूत असतात. दोष केराटिनमध्ये असतो. केराटिन ५ किंवा १४ यांच्या जनुकात बिघाड असतो, हे १९९१ मध्ये सिद्ध झाले. कातडीच्या तळच्या पेशी घासल्या की मधूनच फाटतात, तुमच्या बटणाभोवतीच्या कापडासारख्या. म्हणजे कातडीचे बळ दोन पेशींच्या फटीत जेवढे आहे तेवढेच पेशींच्या आत आहे. एका पेशीचे दोर तिच्या बटणाला बांधलेले, ते बटण शेजारणीच्या बटणाला जोडलेले, आणि तिथून पुन्हा तिचे दोर. अशी एकच वीण तळहाताच्या या काठापासून त्या काठापर्यंत गेलेली असते.

दुसऱ्या प्रश्नाचेही उत्तर होय असेच आहे. ॲक्टिनच्या पट्ट्यात मायोसिन नावाचे ओढ देणारे प्रथिन असते आणि ते नाडी ओढल्याप्रमाणे पट्टा आवळते. गर्भाच्या पाठीवर सुरुवातीला पेशींचा एक सपाट पत्रा असतो. त्यातल्या पेशी आपल्या वरच्या कडा अशा आवळून घेतात, पत्रा वळतो, त्याच्या कडा जुळतात आणि नळी तयार होते. त्याच नळीचा पुढे मेंदू आणि पाठीच्या कण्यातला मेरुरज्जू होतो. पेशींनी एकमेकींना धरलेले नसते तर प्रत्येक पेशी आपल्यापुरती आवळली असती आणि पत्रा तसाच सपाट राहिला असता.

पळसफूल · दुपारी ३:४०

या धाग्यावर लिहावे की नाही याचा मी सकाळपासून विचार करत होते. डेस्मोसोम हा शब्द मी पहिल्यांदा माझ्या आईच्या कागदांवर वाचला.

चार वर्षांपूर्वी आईच्या तोंडात फोड यायला लागले. फोड म्हणण्याइतका वेळही ते टिकत नसत. सकाळी उठले की गालाच्या आत आणि जिभेखाली साल गेलेली लाल जागा दिसे. ज्वारीची भाकर तिला गिळवेना. आम्ही भाकर दुधात कुस्करून देत होतो आणि तेही तिला झोंबत होते. गावात सर्वांनी उष्णता सांगितली. सब्जा झाला, जिऱ्याचे पाणी झाले, जीवनसत्त्वाच्या गोळ्या झाल्या, दोन ठिकाणी तोंडाला लावायचे मलम झाले, आणि असे पाच महिने गेले. मग तिच्या पाठीवर मोठे, ढिले फोड आले. एकदा तिला कुशीवर वळवताना माझ्या बोटांखालची कातडी ओल्या कागदासारखी सरकली. त्या दिवशी मी तिला घेऊन नागपूरला गेले. तिथे कातडीचा तुकडा काढून तपासला आणि पेम्फिगस असे निदान झाले. आईच्या शरीरातली प्रतिकारशक्तीच पेशींमधल्या बटणांवर हल्ला करते आहे, असे डॉक्टरांनी समजावले. स्टेरॉइड आणि नंतरच्या औषधांनी ती आज बरी आहे, भाकर-ठेचा खाते आहे.

माझे एकच सांगणे आहे. तोंडातले फोड महिन्याहून अधिक काळ भरत नसतील तर त्याला उष्णता म्हणून घरी बसू नये, त्वचारोगतज्ज्ञांना दाखवावे.

रुग्णसेवा · रात्री ८:५०

पळसफूल ताई, तुम्ही लिहिलेत हे फार बरे केलेत. मी विदर्भातच त्वचारोगांवर काम करतो आणि अशा पद्धतीने उशिरा पोहोचणारे रुग्ण आम्हाला दरवर्षी दिसतात.

या आजारात शरीर डेस्मोग्लेन नावाच्या प्रथिनाविरुद्ध प्रतिपिंडे, म्हणजे एरवी जंतूंवर सोडायची प्रथिने, तयार करते. डेस्मोग्लेन हे डेस्मोसोममधले, कॅडहेरिनच्याच कुटुंबातले प्रथिन आहे. त्याचे ३ क्रमांकाचे रूप तोंडाच्या अस्तरात आणि कातडीच्या खालच्या थरांत प्रामुख्याने असते, १ क्रमांकाचे कातडीच्या वरच्या थरांत. प्रतिपिंडे फक्त ३ विरुद्ध असतील तर तोंड सोलवटते आणि कातडी बचावते, कारण कातडीत १ क्रमांकाचे डेस्मोग्लेन तो भार पेलते. दोन्हींविरुद्ध प्रतिपिंडे झाली की पाठ, छाती, डोके सगळीकडे फोड येतात. आईंच्या बाबतीत आधी तोंड आणि पाच महिन्यांनी पाठ, असा क्रम का लागला असावा, ते यावरून लक्षात येईल.

काळीमाती सर, तुमच्या धाग्यासाठी महत्त्वाची गोष्ट मात्र सूक्ष्मदर्शकाखाली दिसते. पेम्फिगसच्या फोडाचा काप पाहिला तर वरच्या पेशी एकमेकींपासून सुटून गोल होऊन पाण्यात तरंगत असतात. तळची रांग मात्र उभीच असते. त्या पेशींनीही शेजारणींचे हात सोडलेले असतात, तरी त्यांचे पाय आधारपटलात घट्ट रोवलेले असतात. थडग्यांच्या दगडांची रांग, असे त्या दृश्याला आमच्यात म्हणतात. म्हातारपणी होणाऱ्या दुसऱ्या एका आजारात याच्या उलट घडते. त्यात हल्ला पायांवर, म्हणजे अर्ध्या डेस्मोसोमवर होतो. कातडीचा सगळा थर एकसंध राहून खालून उचलला जातो आणि त्यामुळे तिथला फोड जाड सालीचा, टणक आणि ताणलेला असतो. बोट लावून फोड ढिला की टणक हे पाहिले, तरी सांधा कोणत्या मजल्यावर सुटला असावा याचा पहिला अंदाज येतो.

वर्धेकाठ · रात्री ९:३०

डॉक्टर साहेब, मग घोणस चावल्यावर हिरड्यांतून आणि लघवीतून रक्त येते, तेही रक्तवाहिन्यांच्या पेशींचे सांधे सुटल्यामुळेच का? आमच्या भागात सोयाबीन सोंगणीच्या वेळी दरवर्षी असा एखादा रुग्ण होतो.

रुग्णसेवा · रात्री १०:१०

तिथे मुख्य घाव दुसऱ्या ठिकाणी बसतो. घोणस आणि फुरसे यांच्या विषात प्रथिने तोडणारी विकरे असतात आणि ती बारीक रक्तवाहिन्यांभोवतीचे आधारपटल कुरतडतात. पेशींनी एकमेकींना धरलेले असते, पण ज्या भिंतीला टेकून त्या रक्ताचा दाब सोसतात ती भिंतच जाते, आणि वाहिनी फुटते. त्याच वेळी घोणसाचे विष रक्त गोठवणारी द्रव्ये वापरून संपवते, म्हणून रक्त थांबत नाही. ग्रामीण रुग्णालयात काचेच्या कोरड्या नळीत रक्त घेऊन २० मिनिटे स्थिर ठेवतात आणि मग तिरके करून ते गोठले का पाहतात, ते यासाठी. दंशानंतर आवळपट्टी बांधण्यात किंवा चिरा देण्यात वेळ न घालवता रुग्णाला थेट रुग्णालयात न्यावे.

ऊतीला एकत्र ठेवणाऱ्या गोष्टी दोन आहेत, हे यानिमित्ताने नोंदवतो. अस्तरांमध्ये पेशी पेशीला धरते. हाड, कंडरा आणि कातडीचा खालचा जाड थर यांत मात्र पेशी विरळ असतात आणि भार कोलॅजेनच्या तंतूंवर असतो. चामडे कमावणारे कारागीर चुन्याच्या पाण्यात कातडे भिजवतात, तेव्हा वरचा पेशींचा थर केसांसकट सुटतो आणि कोलॅजेनचे जाळे उरते. आपली चप्पल त्या जाळ्याची असते.

निंबोणी · १६ जुलै, सकाळी १०:००

मी आरोग्यसेविका आहे. डॉक्टरांच्या शेवटच्या परिच्छेदावरून मला खर्रा आठवला आणि या धाग्यावर त्याचा उल्लेख आल्यावाचून राहू नये असे वाटते. आमच्या गावात पंधरा-सोळा वर्षांची मुले सुपारी, तंबाखू आणि चुना पन्नीवर घोटून तोंडात ठेवतात. काही वर्षांनी सुपारीमुळे गालाच्या अस्तराखाली कोलॅजेन साचून घट्ट पट्टे तयार होतात आणि तोंडात तीन बोटे उभी जात नाहीत. त्याच तोंडात पुढे कर्करोग होण्याचा धोका फार मोठा असतो. म्हणजे एका बाजूने ऊती गरजेपेक्षा जास्त आवळली जाते. कर्करोगात पेशींचे सांधे सुटतात असे मी प्रशिक्षणात ऐकले होते. ते खरे आहे का?

वैनगंगा · सकाळी ११:२०

खरे आहे, निंबोणी ताई. अस्तराच्या पेशींना एकत्र ठेवणारे ई-कॅडहेरिन अनेक कर्करोगांत, तोंडाच्या कर्करोगातही, कमी होते. हात सुटलेली पेशी आधारपटल भेदून खाली उतरते आणि पुढे लसिकाग्रंथींकडे जाऊ शकते. पोटाच्या एका आनुवंशिक कर्करोगाचे मूळ तर थेट ई-कॅडहेरिनच्या जनुकात आहे. न्यूझीलंडमधल्या माओरी कुटुंबांच्या अभ्यासातून ते १९९८ मध्ये उघड झाले.

निरोगी पेशी मात्र कुणाचा हात धरायचा हेही ओळखतात. एच. व्ही. विल्सन यांनी १९०७ मध्ये समुद्रातला जिवंत स्पंज बारीक रेशमी कापडातून पिळून काढला. पाण्यात नुसत्या सुट्या पेशी उरल्या. त्या सरपटत एकमेकींना भेटल्या, त्यांचे पुंजके झाले आणि त्या पुंजक्यांतून पुन्हा स्पंज उभे राहिले. काळीमाती सरांच्या ग्लासातला चिखल महिनाभर ठेवला तरी त्याचे ढेकूळ होणार नाही. पुढे टाउन्स आणि होल्टफ्रेटर यांनी १९५५ मध्ये उभयचरांच्या गर्भातल्या वेगवेगळ्या थरांच्या पेशी सुट्या करून एकत्र मिसळल्या, तेव्हा कातडीच्या पेशी बाहेर आणि चेतापेशी आत अशा त्या आपोआप वेगळ्या झाल्या. संध्याकाळी गुराखी गावाच्या वेशीवर गुरे सोडतो आणि प्रत्येक गाय न चुकता आपल्याच गोठ्याकडे वळते, तसे हे आहे. या ओळखीचा मोठा भाग कॅडहेरिनच्या निरनिराळ्या जाती सांभाळतात, हे मासातोशी ताकेइची यांच्या कामातून कळले.

पशुवैद्य_काका · दुपारी २:३०

एक सांधा सर्वांच्या बोलण्यातून राहून गेला आहे. तो मला गोठ्यात रोज भेटतो, म्हणून लिहितो. शेजारच्या दोन पेशींमध्ये आरपार नळ्या असतात. कनेक्झिन नावाची सहा प्रथिने वर्तुळात उभी राहून अर्धी नळी होते, समोरच्या पेशीची अर्धी नळी तिला येऊन जुळते, आणि मधल्या सुमारे दीड नॅनोमीटरच्या छिद्रातून क्षार आणि लहान रेणू इकडून तिकडे जातात. हृदयाची प्रत्येक पेशी या नळ्यांतून शेजारणीकडून ठोक्याचा निरोप घेते. पेशींच्या त्याच सांध्यावर डेस्मोसोमही दाटीने असतात, कारण ओढ सोसल्याशिवाय निरोप टिकत नाही.

गाभण गायीच्या गर्भाशयाच्या स्नायूंत या नळ्या बहुतेक काळ फार थोड्या असतात. पेशी आपापल्या जागी आकसल्या तरी सगळे गर्भाशय एकदम आकसत नाही आणि वासरू सुरक्षित राहते. वितीच्या वेळी त्या झपाट्याने वाढतात, एका टोकाची कळ दुसऱ्या टोकाला पोहोचते आणि सगळा स्नायू एकसाथ जोर करतो. मध्यरात्री कंदील धरून गायीपाशी बसलो असताना तिच्या पोटावर ही लाट सरकताना मी शेकडो वेळा हाताखाली अनुभवली आहे.

शेतातला_मी · दुपारी ४:४५

एक शंका विचारतो. सीलबंद सांध्याबद्दल वर फार थोडे आले आहे. हात पाण्यात विरत नाही हे समजले, पण पाणी आत का शिरत नाही?

वैनगंगा · सायंकाळी ५:३०

पाण्याला मुख्य अटकाव कातडीच्या सर्वांत वरचा मृत पेशींचा थर आणि त्यातली स्निग्ध द्रव्ये करतात. त्याच्या खाली जिवंत पेशींच्या एका थरात सीलबंद सांधे असतात आणि त्यांचे काम खरे पाहता आतले पाणी बाहेर जाऊ न देणे हे आहे. २००२ मध्ये त्सुकिता यांच्याच प्रयोगशाळेत क्लॉडिन १ नसलेली उंदराची पिले जन्माला घातली गेली. दिसायला ती ठीक होती, पण कातडीतून पाणी उडून जाऊन ती एका दिवसात मेली. उन्हाळ्यात आपल्याकडे पारा ४५ अंशांवर जातो, तेव्हा त्या पिलांची गोष्ट मला नेहमी आठवते.

काळीमाती · २३ जुलै, रात्री ९:००

सर्वांचे प्रतिसाद मी वहीत उतरवून घेतले आणि या आठवड्यात तीन तास मुलांबरोबर याच विषयावर घालवले. सुईदोरा ताईंचे टिचबटण आणि नेफ्याची नाडी मुलांना लगेच पटली. दोन मुलींनी घरून परकर आणून नाडी ओढून दाखवली. आमच्या शाळेत एक जुना सूक्ष्मदर्शक आहे. स्वच्छ काडीने गालाच्या आतून हलकेच खरवडून, मिथिलीन ब्ल्यूचा थेंब टाकून पेशी पाहिल्या. काही एकट्या होत्या, काही दोन-दोन, चार-चार अशा कडेला कड लावून आलेल्या होत्या. चौघींच्या एका पुंजक्याकडे बोट करून एका मुलाने विचारले की या अजून सुटल्या का नाहीत, तेव्हा उत्तर मुलांनीच दिले.

मूळ प्रश्न विचारणारी मुलगी शुक्रवारी दोन वस्तू घेऊन आली. पहिली वस्तू म्हणजे धुऱ्यावरच्या हरळीखालचे, मुळांनी भरलेले ढेकूळ. आम्ही ते आणि वावरातले मोकळे ढेकूळ शेजारच्या दोन ग्लासांत एकाच वेळी सोडले. मोकळे ढेकूळ नेहमीप्रमाणे बसले. मुळ्यांचे ढेकूळ कडेने थोडे झडले, पण तास संपेपर्यंत आपला आकार धरून राहिले. "सर, हे केराटिनवालं ढेकूळ," असे ती म्हणाली. मुळे ढेकळाने स्वतः घडवलेली नसतात, एवढा फरक मी सांगितला आणि बाकी तिचे म्हणणे मान्य केले.

दुसरी वस्तू तिने वहीच्या कागदात गुंडाळून आणली होती. तिच्या तळहातावरचा फोड आठवडाभरात वाळला होता आणि त्याची साल आपोआप सुटून आली होती. ती साल तिने तिसऱ्या ग्लासात टाकायला सांगितली.

रुग्णसेवा · रात्री ९:२५

सर, घर्षणाच्या फोडात फट कातडीच्या काटेरी पेशींच्या थरात पडते आणि खालून येणारा द्रव त्या फटीत साचतो. वरची साल म्हणजे मृत पेशींचा थर आणि त्याखालच्या काही ओळी. त्या थरातले डेस्मोसोम अखेरीस विकरे कापतात, तेव्हाच कातडीचे बारीक पापुद्रे झडतात. नुसत्या पाण्याने ते तुटत नाहीत. ग्लासात पुढे काय झाले ते जरूर कळवा.

काळीमाती · २४ जुलै, सायंकाळी ६:१५

डॉक्टर साहेब, आज शाळा उघडल्यावर मुले आधी खिडकीपाशी गेली. पहिल्या ग्लासात तळाशी चिखल आणि वर निवळलेले पाणी होते. मुळ्यांचे ढेकूळ अर्धे झडले होते. तिसऱ्या ग्लासातली साल पांढरी पडून फुगली होती. त्या मुलीने ती चिमट्याने उचलून उजेडात धरली, तेव्हा तळहाताच्या बारीक रेषा तिच्यावर तशाच्या तशा दिसत होत्या.